वळणावरची टेकडी

दूरच्या प्रवासाला निघताना माणूस चार ठिकाणी चौकशी करतो, पुस्तके चाळतो आणि वाटाड्याचे पैसे आनंदाने मोजतो. जवळच्या प्रवासाला मात्र तो केवळ गाडी काढतो. त्यामुळे हजारो कोसांवरचे भग्नावशेष त्याला तपशीलवार ठाऊक होतात आणि घरापासून तीन तासांवरचे अनोळखी राहतात. भिवापूरच्या बाजारपेठेतील एका कुटुंबाला याचा अनुभव गेल्या दिवाळीत आला.

या कुटुंबाची मिरचीची अडत तीन पिढ्यांची. आजोबांनी पंचाहत्तरी गाठली असून पेढी आता थोरला मुलगा पाहतो. नात नोकरीनिमित्त अमेरिकेत असते. दिवाळीला ती माहेरी आली, तेव्हा मेक्सिकोच्या युकातान प्रांतातील एका दिवसाच्या सहलीची छायाचित्रे घेऊनच आली. भाऊबीजेच्या दुपारी सगळे घर तिच्याभोवती जमले.

कानकून शहरातून सकाळी बस निघाली. सुमारे दोनशे किलोमीटरवर चिचेन इत्झा हे माया लोकांचे प्राचीन नगर. सोबत माया वंशाचाच एक वाटाड्या होता. मधोमध उभ्या असलेल्या पायऱ्यांच्या मनोऱ्यासमोर त्याने सर्वांना थांबवले आणि हिशेब मांडला. चारही बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या, वरचा चौथरा धरून एकूण ३६५. म्हणजे वर्षाचे दिवस. दिवस आणि रात्र समान असतात त्या सुमारास, मावळत्या उन्हात जिन्याच्या कठड्यावर सावलीचा साप उतरताना दिसतो. वाटाड्याने टाळी वाजवली, तर मनोऱ्याकडून पक्ष्याच्या चीत्कारासारखा प्रतिध्वनी आला. नगर १९८८ पासून जागतिक वारशाच्या यादीत आहे आणि त्या मनोऱ्यावर चढण्यास आता मनाई आहे.

आजोबांचे लक्ष मात्र पाण्याच्या छायाचित्रांनी वेधले. गोल, खोल, निळेशार कुंड. वरून वेली लोंबत आहेत आणि तळाशी माणसे पोहत आहेत.

"ही विहीर कोणी खोदली?" त्यांनी विचारले.

"कोणीच नाही, आजोबा. तिथली सगळी जमीन चुनखडीची आहे. पाऊस पडला की पाणी खाली झिरपते, म्हणून उत्तर युकातानमध्ये जमिनीवरून वाहणारी नदीच नाही. पाण्याने आतून दगड विरघळतो, पोकळी होते आणि एके दिवशी छत कोसळते. त्याला सेनोते म्हणतात. माया लोकांची वस्ती या कुंडांच्या आधाराने वाढली. चिचेन इत्झा या नावाचा अर्थच 'इत्झांच्या विहिरीच्या मुखाशी' असा आहे."

"आणि त्यात कोणीही उडी मारतो?"

"आधी अंघोळ करावी लागते. अंगाला लावलेली मलमे धुतल्याशिवाय पाण्यात उतरू देत नाहीत. पाण्यातील जीव मरतात म्हणून."

आजोबांनी मान डोलावली. पाणी गाळल्यावर कापडातील जिवाणी पुन्हा त्याच विहिरीत सोडण्याची शिस्त त्यांच्या आईने त्यांना लहानपणी लावली होती. "म्हणजे तेही जिवाणी राखतात म्हणायची," ते समाधानाने म्हणाले.

त्याच बैठकीत थोरल्या मुलाने मनातील बेत बोलून दाखवला. बाबांच्या अमृतमहोत्सवानिमित्त सगळ्या कुटुंबाने पुढच्या वर्षी मेक्सिकोला जावे. मिरची मूळची त्याच भूमीतील. पोर्तुगीजांच्या गलबतांतून ती भारतात आली. आज भिवापुरी मिरचीला भौगोलिक मानांकन आहे, तसेच युकातानच्या हाबानेरो मिरचीलाही तिच्या मुलखाच्या नावाचे संरक्षण आहे. तीन पिढ्या जिच्यावर घर चालले, तिचे माहेर पाहून यावे, अशी त्याची कल्पना होती.

आजोबांनी नकार दिला नाही. एक अट मात्र घातली. ते नातीला म्हणाले, "तो वाटाड्या तुला जसे सांगत होता, तसे मला एक ठिकाण सांगशील का? रामटेकच्या वाटेवर मानसरला आपण वळतो ना, तिथे एक टेकडी दिसते. ती कशाची आहे?"

या प्रश्नामागे चाळीस वर्षे होती. आजोबा आणि आजी दरवर्षी रामटेकला शांतिनाथ भगवंतांच्या दर्शनाला जात. प्रारंभी भिवापूरहून छोट्या लाईनच्या गाडीने इतवारीपर्यंत आणि पुढे एसटीने. नंतर स्वतःच्या गाडीने. नागपूर–जबलपूर मार्ग सोडून मानसरला वळण घेतले की आजी हमखास विचारत, "ती टेकडी कशाची हो?" आजोबांचे उत्तर ठरलेले असे: "हिडिंबेची म्हणतात. माती-विटांचा ढीग आहे." आजींना जाऊन आता दोन वर्षे झाली होती.

नातीने चार दिवस मागून घेतले. नागपूरच्या ग्रंथालयात तिने एक संपूर्ण दिवस घालवला, टिपणे काढली आणि प्रवासाचा क्रम आखला. नव्या मिरचीची आवक सुरू होऊन सातऱ्यावर देठ खुडणाऱ्या बायकांची वर्दळ वाढण्यापूर्वीच निघणे भाग होते. शिवाय आजोबांचे जेवण सूर्यास्तापूर्वी व्हायला हवे आणि कार्तिकात दिवस लवकर मावळतो. म्हणून सकाळी सहाला प्रस्थान, आधी मानसर, मग रामटेक, पाचच्या आत रामटेकलाच जेवण आणि मग परतीची वाट, असे ठरले. गाळून उकळलेल्या पाण्याचे कॅन घरूनच घेतले. थोरला मुलगा गाडी चालवायला बसला खरा, पण उमरेड येईपर्यंत एकदा म्हणालाच, "बाबा, विटांचे ढिगारे पाहायला पेढी एक दिवस बंद ठेवली, हे बाजारात कोणाला सांगू नका."

उमरेड, नागपूर, कामठी, कन्हानचा पूल अशी वाट मागे टाकत गाडी साडेनवाच्या सुमारास मानसरला पोहोचली. या गावाचे नाव अनेकांना मॅंगनीजच्या खाणीमुळे ठाऊक असते. खाणीच्या गावाला लागूनच तलाव, तलावाजवळ टेकडी आणि टेकडीवर विटांचे बांधकाम. तेथे वाटाड्या नव्हता, गर्दी नव्हती. दोन शेळ्या आणि त्यांना राखणारा एक मुलगा एवढेच काय ते अन्य प्रेक्षक.

नातीने टेकडीच्या पायथ्याशीच सर्वांना थांबवले आणि बोलायला सुरुवात केली.

पाचव्या शतकात विदर्भावर वाकाटक घराण्याचे राज्य होते. रुद्रसेन दुसरा या राजाचा विवाह उत्तरेतील सम्राट चंद्रगुप्त दुसरा याची कन्या प्रभावतीगुप्ता हिच्याशी झाला होता. राजा लवकर वारला, मुले लहान होती, तेव्हा राज्याचा भार या विधवा राणीने वाहिला. तिची राजधानी नंदिवर्धन, म्हणजे रामटेकजवळचे आजचे नगरधन. तिचा मुलगा प्रवरसेन दुसरा याने पुढे प्रवरपूर ही नवी राजधानी वसवली. त्याचे अनेक ताम्रपट प्रवरपुराहून दिलेले आहेत. पण हे प्रवरपूर नेमके कोठे, हा प्रश्न अभ्यासकांना दीर्घकाळ पडला होता. १९९७–९८ पासून जगत्पती जोशी आणि अ. कु. शर्मा यांच्या मार्गदर्शनाखाली मानसरला मोठे उत्खनन झाले. त्यात 'प्रवरेश्वर' या देवस्थानाचा उल्लेख असलेली मुद्रा सापडली आणि प्रवरपूर म्हणजे मानसर, या मताला बळ मिळाले. टेकडीखाली विटांच्या भव्य वाड्याचे अवशेष निघाले आणि टेकडीवर टप्प्याटप्प्याने चढत जाणारे मंदिर.

"म्हणजे हा ढीग नव्हे," आजोबा हळूच म्हणाले.

"चिचेन इत्झाचा तो मनोरा उभा राहिला, त्याच्या काही शतके आधी हे मंदिर उभे होते, आजोबा."

ते सावकाश वर चढू लागले. आजोबांच्या गुडघ्यांमुळे दर वीस पावलांवर थांबावे लागे आणि थांबले की नात जवळचे काही दाखवी: विटांतच घडवलेले अर्धस्तंभ, लहान लहान कोनाडे, एकावर एक रचलेले थर. येथे सापडलेली एक शिवमूर्ती आज दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. चेहऱ्यावर मंद स्मित असलेली ती मूर्ती पाहायला जगभरचे अभ्यासक दिल्लीला जातात. ती जेथून निघाली ती टेकडी मात्र बहुतेकांना ठाऊक नसते. थोरल्या मुलाने एक वीट निरखून पाहिली, वीत लावून मोजली आणि म्हणाला, "आजच्या विटेहून बरीच मोठी आहे. एवढ्या विटा भाजायला लाकूड किती लागले असेल आणि हिशेब कोणी ठेवला असेल?" पेढीवरचा माणूस तेथे प्रथमच बोलला होता.

हिशेबाचे उत्तर नातीजवळ तयार होते. प्रभावतीगुप्तेचा एक ताम्रपट पुण्यात मिळाला. त्यात राणीने एक गाव दान दिल्याची नोंद आहे. त्या गावाच्या चारही दिशांना कोणती गावे आहेत, ती नावे त्यात लिहिली आहेत. मिळणाऱ्या सवलती मोजून सांगितल्या आहेत. आणि हे दान कोणी मोडू नये, असा इशाराही आहे. आजच्या खरेदीखतात चतुःसीमा लिहितात, तशीच ही चतुःसीमा. आजोबा हसले. "नोंद पक्की होती म्हणून राणीचे नाव राहिले. वाडा राहिला नाही, तांब्याचा कागद राहिला."

टेकडीच्या वरच्या भागात पोहोचल्यावर नात थोडी घुटमळली. पुढची गोष्ट आजोबांना सांगावी की नाही, असा तिला प्रश्न पडला असावा. मग तिने सांगितली. चिचेन इत्झाला पोहण्याचे कुंड वेगळे आणि पवित्र कुंड वेगळे. पवित्र कुंडात कोणी उतरत नाही. १९०४ पासून एडवर्ड थॉम्पसन या अमेरिकन माणसाने त्यातील गाळ उपसला, तेव्हा सोने, हिरवे मौल्यवान दगड आणि त्यांच्यासोबत माणसांची हाडे निघाली. काही लहान मुलांची. पर्जन्यदेवाला दिलेले ते बळी होते. आणि या मानसरच्या टेकडीतही मातीची घडवलेली एक मनुष्याकृती पुरलेली आढळली. उत्खननकर्त्यांनी तिचा संबंध पुरुषमेधाच्या विधीशी जोडला.

"मातीचाच होता ना? खरा माणूस नव्हता, हे तरी बरे," थोरला मुलगा म्हणाला.

आजोबा एका विटांच्या कट्ट्यावर टेकले. आता वाटाड्याची जागा त्यांनी घेतली. "यशोधर राजाची कथा विसरलास? त्याला स्वप्न पडले. आईने अरिष्ट टाळण्यासाठी देवीला बळी द्यायला सांगितले. राजाने जीव मारायला नकार दिला, तेव्हा तिने पिठाचा कोंबडा करवला. राजाने तो कापला. पीठच होते, रक्ताचा थेंब सांडला नाही. तरी त्या मायलेकांना किती जन्म पशूंच्या योनीत काढावे लागले! हात पिठावर चालला, पण मन जिवावरच चालले होते."

सोमदेवसूरींनी शके ८८१ मध्ये, म्हणजे इसवी सन ९५९ मध्ये, पूर्ण केलेल्या 'यशस्तिलकचंपू'चा हाच विषय आहे, ही भर नातीने घातली. चिचेन इत्झाचा उत्कर्षकाळही साधारण त्याच सुमाराचा. एका टोकाला पाऊस यावा म्हणून कुंडात माणसे लोटली जात होती. दुसऱ्या टोकाला एक आचार्य पिठाच्या कोंबड्यावरही विचार करायला लावत होते. शेळ्या राखणारा मुलगा एव्हाना जवळ येऊन बसला होता. "आमच्या टेकडीत माणूस पुरला होता?" त्याने विचारले. नातीने त्याला सारे पहिल्यापासून पुन्हा सांगितले. थोरल्या मुलाने घड्याळ पाहिले. पण घाई केली नाही.

मानसरहून रामटेक अगदी जवळ. शांतिनाथ भगवंतांच्या कायोत्सर्ग मुद्रेतील त्या भव्य मूर्तीपुढे आजोबा नेहमीपेक्षा अधिक वेळ उभे राहिले. आचार्य विद्यासागर महाराजांच्या चातुर्मासांत याच परिसरात आजींनी सेवा केली होती. ती जागा त्यांनी नातीला दाखवली.

दुपारी सगळे कर्पूर बावडीवर गेले. मेक्सिकोतील कुंड निसर्गाने घडवले. येथे पाण्यापर्यंतची वाट माणसाने दगडात बांधली आहे. पाण्याभोवती दगडी खांबांच्या ओवऱ्या आणि पाण्यात त्यांचे प्रतिबिंब. नदी नसलेल्या मुलखातील माया असोत की उन्हाळ्यात नद्या आटणाऱ्या विदर्भातील माणसे असोत, जेथे पाणी टिकले तेथेच देव बसला आणि गाव वसले. डोंगराच्या पायथ्याचा अंबाळा तलाव, त्याच्या काठची देवळे, पलीकडे ब्रिटिश काळात सूर नदीवर बांध घालून झालेला खिंडसी जलाशय, सारे त्याच सूत्रात ओवलेले. अंबाळ्याच्या काठी प्लॅस्टिकची पाकिटे तरंगताना पाहून नात गप्प झाली. त्या परक्या कुंडात उतरण्याआधी तिने मुकाट्याने अंघोळ केली होती. येथे पाण्यासाठी काही पाळावे, असे तिला आजवर कोणी सांगितले नव्हते आणि तिलाही सुचले नव्हते. धाकट्या नातवाने हाताला येतील तेवढी पाकिटे काठीने ओढून पिशवीत भरली.

गाडी गडावर जाते, म्हणून आजोबांना वर नेणे शक्य झाले. गडावरील नरसिंहाची दोन प्राचीन मंदिरे वाकाटक काळातील. त्यांपैकी केवल नरसिंह मंदिराच्या भिंतीवरील शिलालेख कित्येक वर्षे चुन्याच्या थरांखाली झाकलेला होता. 'मेघदूता'तील रामगिरी म्हणजेच रामटेक, हे मत महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी साधार मांडले. मात्र या कुटुंबाला अधिक आपलीशी वाटली ती दुसरी माहिती. मानसरच्या ज्या प्रवरसेनाचा वाडा सकाळी पाहिला, त्याच्या नावावर 'सेतुबंध' हे महाकाव्य आहे आणि ते संस्कृतात नसून महाराष्ट्री प्राकृतात आहे. जैन आचार्यांनी ज्या भाषेत कथा लिहिल्या आणि जिच्यातून मराठी आकाराला आली, त्या भाषेत एक राजा या डोंगराच्या सावलीत काव्य रचत होता. वेळ उरला असता तर नगरधनही पाहायचे होते. २०१५ ते २०१८ या काळात तेथे झालेल्या उत्खननात प्रभावतीगुप्तेच्या नावाची मातीची मुद्रा मिळाली आहे. पण सूर्य कलला होता. नगरधन पुढच्या खेपेसाठी राहिले.

पाच वाजण्यापूर्वी जेवणे झाली. जेवताना थोरल्या मुलाने दिवसाचा खर्च काढला: पेट्रोल, पथकर, जेवण. ती रक्कम मेक्सिकोच्या एका तिकिटाच्या तुलनेत नगण्य होती. मग तो स्वतःच म्हणाला, "खर्चाचा प्रश्नच नाही. चाळीस वर्षे आपण या टेकडीजवळून जात होतो. तेव्हाही काही खर्च नव्हता. सांगणारे कोणी नव्हते, आणि आपण विचारलेही नाही."

"तुझी आई विचारत होती," आजोबा म्हणाले.

कोणी काही बोलले नाही. नातीने पाण्याचा पेला त्यांच्या हाती दिला.

मेक्सिकोचा बेत रद्द झाला नाही. आजोबांनी स्वतःच सांगितले, की गुडघे साथ देतील तर ते जरूर जातील. आपल्या मिरचीचे माहेर पाहतील, त्या पवित्र कुंडाच्या काठी उभे राहून तेथे गेलेल्या मुलांसाठी णमोकार म्हणतील, आणि वाटाड्याने विचारलेच की 'तुमच्याकडे असे काही आहे का', तर त्यांच्याजवळ आता सांगण्यासारखे आहे. त्याआधी मात्र एक काम करायचे ठरले. दरवर्षी ज्ञानपंचमीला घरात पोथ्यांची झाडपूस होते. यापुढे त्या सुमारास घरातील व शेजारपाजारची मुले घेऊन एक दिवस मानसर किंवा नगरधन पाहायचे. भिवापूरहून तर वैनगंगेकाठची पवनी आणि तेथील प्राचीन स्तूपांचे अवशेष अर्ध्या दिवसाचेच काम. दर वेळी मुलांपैकी एकाने आधी वाचून यायचे आणि वाटाड्या व्हायचे. पहिली पाळी धाकट्या नातवाने मागून घेतली.

परत निघताना अंधार दाटू लागला होता. गाडी मानसरच्या वळणाशी आली, तेव्हा आजोबांनी मुलाच्या खांद्यावर हात ठेवला. त्याने न विचारता गाडी कडेला घेतली. आजोबांनी काच खाली केली. तलावाजवळची ती टेकडी आता केवळ काळी आकृती होऊन उभी होती. शेजारची जागा रिकामी होती, तिकडे किंचित वळून ते हलक्या आवाजात म्हणाले, "प्रवरसेन राजाची आहे."

मग त्यांनी काच वर केली आणि गाडी नागपूरच्या दिशेने निघाली.